मुलं वाघ होतात तो देश

जगभरातली मुलं कशी राहतात, काय खातात, काय खेळतात हे मी सगळी नोकरीभर शिकवलं. माझा स्वतःचा जगप्रवास म्हणाल, तर सकाळी नाशिकहून निफाडच्या बाजूला जाणारी एसटी आणि संध्याकाळी तीच एसटी परत. मधे दोनदा सापुताऱ्याला गेले होते. सापुतारा गुजरातेत येतं, त्यामुळे 'मी परराज्यात गेले होते तेव्हा' अशी सुरुवात करून ते मी वर्गात पुष्कळ वर्षं वापरलं.

आमची शाळा जिल्हा परिषदेची, द्राक्षबागांच्या मधोमध. पहिली ते चौथी, खोल्या दोन. तिसरीचा वर्ग माझ्याकडे यायचा आणि पुढच्या वर्षी चौथी होऊन माझ्याकडेच राहायचा. म्हणजे पोरं मला दोन वर्षं सोसायची आणि मी त्यांना.

'जगातली मुलं' हा धडा तिसरीला होता. दीड पान आणि चार चित्रं. बर्फाच्या घरापुढे मासा धरून उभा असलेला मुलगा, पंखा धरलेली जपानी मुलगी, उंटाचा दोर धरलेला अरब मुलगा आणि भाला धरलेला आफ्रिकेतला. सगळे हसत होते आणि सगळ्यांच्या हातात काहीतरी होतं. बाहेरच्यांना वाटतं, मास्तरकी म्हणजे पुस्तक वाचून दाखवायचं आणि पगार घ्यायचा. त्यांनी एकदा हा धडा शिकवून बघावा. मुलं राजधानी विचारत नाहीत. मुलं विचारतात, "बाई, बर्फाच्या घरात ते परसाकडला कुठं जात्यात?" याचं उत्तर डीएडला शिकवत नाहीत.

शाळेत जगाचा नकाशा होता, कापडावर चिकटवलेला. त्याची वरची दांडी शाबूत होती. खालची कुणीतरी क्रिकेटचा स्टंप म्हणून नेली, ती परत आली नाही. खाली वजन नसल्यामुळे नकाशा टांगला की तो खालून गुंडाळत गुंडाळत वर यायचा. दोन मुलं दोन कोपरे धरून उभी करावी लागत. ती कंटाळली की हात सोडायची, आणि ऑस्ट्रेलिया, अर्धी आफ्रिका, सगळं गडप व्हायचं. आमच्या मुलांचं जग भारताच्या जरा खाली संपत होतं.

नकाशावर देश दाखवायला माझ्याकडे एक छडी होती, चांगली सरळ, वेताची. ती देश दाखवायलाच आहे, असं मी तपासणीला आलेल्या साहेबांना सांगत असे. तिचे इतर उपयोग मुलांना माहीत होते.

धडा एका तासात संपला की पोरांच्या डोक्यातून दुसऱ्या तासाला जायचा. म्हणून मी 'परदेशी शनिवार' सुरू केला. शनिवारी सकाळची शाळा. कवायत झाली की एका मुलाने पुढे यायचं आणि कुठल्यातरी देशातलं मूल व्हायचं. बाकीच्यांनी प्रश्न विचारायचे. काय खातोस, कुठं झोपतोस, काय खेळतोस. आणि सगळ्यात शेवटी एक प्रश्न ठरलेला, तो माझा स्वतःचा शोध आहे: "तुझी आई तुला कशावरून मारते?"

हसू नका. मूल कुठे वाढतंय, ते त्याच्या मार खाण्यावरून बरोबर कळतं. आमच्या वर्गात बागायतदारांची पोरं घडाला हात लावला म्हणून मार खायची, सुताराचा पोरगा पटाशीला हात लावला म्हणून, किराणावाल्याची मुलगी गुळाच्या ढेपेला हात लावला म्हणून. मग जपानी मूल कशावरून खात असेल? मुलांनी ठरवलं, चपला घालून घरात आलं म्हणून. ब्राझीलचं? फुटबॉलने कौल फोडलं म्हणून. इंग्लंडच्या मुलाबद्दल फार वाद झाला आणि शेवटी तो मराठीत बोलला म्हणून मार खातो, असं ठरलं. मी सोडून दिलं. गावात नुकतीच इंग्रजी शाळेची पिवळी गाडी येऊ लागली होती, त्यामुळे त्यात तथ्य होतं.

नव्वदचं दशक सरत आलं होतं. त्या वर्षी दिवाळीनंतर माझ्या वर्गात बुधी आली.

दिवाळी झाली की सुरगाणा-पेठच्या डोंगरातली माणसं आमच्याकडे बागांच्या कामाला येत आणि होळीला परत जात. बागेच्या कडेला प्लॅस्टिकच्या कागदाखाली त्यांचे संसार असत. मी दरवर्षी बागा हिंडून त्यांची मुलं शाळेत ओढून आणायची. हजेरीत त्यांची नावं पाहुण्यासारखी, पेन्सिलने. ती मुलं मागे दाराशी बसायची, कुणाशी बोलायची नाहीत आणि होळीच्या आधी एके दिवशी दिसेनाशी व्हायची. बुधीही दाराशीच बसली. बुधवारी जन्मली म्हणून बुधी. बारीक चणीची, डोळे मात्र सगळीकडे.

तिची पाळी आली तेव्हा मी विचारलं, "कुठला देश होणार?"

"माला दुसरा देश ठावा नीही," ती म्हणाली. 'नीही' म्हणजे नाही. तिच्या बोलीत तसंच म्हणतात. वर्ग फिदीफिदी हसला.

"मग तुझाच हो," मी म्हटलं. "तिथे नाहीतरी यातलं कोण गेलंय?"

पहिले प्रश्न मरगळलेले होते. काय खाता? नागलीची भाकर. आणि? खेकडं. काय खेळता? नदीत खेळतो. मग किराणावाल्याच्या मुलीने विचारलं, "तुमच्यात दिवाळीला काय करत्यात?"

बुधी म्हणाली, "दिवाळीला आमची पोरां वाघ होतात."

 पोरं चुळबुळ करायची थांबली.

"खरे वाघ?"

बुधीने वर्गाकडे एक नजर टाकली. आयुष्यात पहिल्यांदा एवढी माणसं आपल्याकडे बघताहेत, हे तिच्या लक्षात आलं असावं. "मं काय!" ती म्हणाली.

"शेपूट येती?"

"येते."

"मग परत माणूस कवा होत्यात?"

"खीर खाल्ली की."

मला वाटलं, काय थाप मारतेय पोरगी! आणि खोटं कशाला सांगू, मला ती आवडली. मास्तरकीत बारा महिने खरं ऐकून कान किटलेले असतात. मी तिला खोडून काढलं नाही. उलट गंभीर चेहरा करून म्हटलं, "जग मोठं आहे बाबांनो, असू शकतं."

झालं. त्यानंतर परदेशी शनिवारी दुसऱ्या देशांचा भाव पडला. इंग्लंडचा मुलगा दोन मिनिटांत खाली बसवला जायचा आणि 'बुधीला बोलवा' असा गलका. बुधी दाराशी बसायची ती तिसऱ्या रांगेत आली. जी पोरं तिला आपल्या तांब्याला शिवू देत नव्हती, ती तिला चिंचा, बोरं आणून देऊ लागली. तीही हात राखून सांगायची. मुली वाघ होतात का? होतात. वाघ झाल्यावर शाळेत जातात का? वाघाला कोण शाळेत पाठवील? या उत्तरावर वर्गाने बराच वेळ विचार केला.

तिचा एकच वैरी होता, सागर. सागरचे वडील म्हणजे आप्पा, गावातले मोठे बागायतदार आणि शाळेच्या समितीचे अध्यक्ष. बुधीचे आईबाप आप्पांच्याच बागेत कामाला होते. तोवर वर्गात सागरच्या शब्दाला किंमत होती, आता ती वाघाला आली होती. त्याने एका शनिवारी हात वर केला आणि वाघाच्या नादात सगळे विसरून गेले होते तो ठरलेला प्रश्न विचारला.

"तुझी आई तुला कशावरून मारती?"

"मारत नीही," बुधी म्हणाली.

"म्हणजे?"

"आमच्यात पोरांना मारत नीही."

वाघ चालला होता. शेपूट चाललं होतं. हे मात्र चालेना. सगळा वर्ग उठून उभा राहिला. "बाई, ही खोटं बोलती!" "लय खोटारडी हे!" "दूध सांडलं तरी नाय मारत?" "बकरी हरवली तरी?" बुधी प्रत्येकाला मान हलवून तेच सांगत राहिली, नीही, नीही. सागरने घरी जाऊन वडलांना विचारलं. आप्पा दरवर्षी मजुरांची टोळी ठरवायला त्या डोंगरात जात. ते म्हणाले, "तिकडं कसले वाघ? निस्ते डोंगर आन् दगड." झालं. सोमवारी वर्गात निकाल जाहीर झाला: बुधी खोटारडी, वाघही खोटा आणि मार न खाणंही खोटं. तिचं नाव 'नीही' पडलं. ती आली की पोरं सुरात म्हणायची, नीही नीही नीही.

ती यायची बंद झाली.

मी बागेत गेले. घड औषधात बुडवायचे दिवस होते. एकाने औषधाचा प्लॅस्टिकचा मग धरायचा, दुसऱ्याने एकेक घड त्यात बुडवायचा. बुधी आईच्या पुढ्यात मग धरून उभी होती. हात औषधाने पिवळट झालेले. आता हे चित्र मी पुष्कळदा पाहिलेलं होतं. एकदा मूल वेलीखाली गेलं की ते पुन्हा वर्गात येत नाही. यंदा मग धरील, पुढल्या वर्षी घड बुडवील, त्याच्या पुढे तिची हजेरी आप्पांकडे लागेल. चौथीसुद्धा व्हायची नाही. मला वाईट वाटलं, आणि वाईट वाटलं की मला राग येतो.

"उद्यापासून शाळेत यायचं," मी म्हटलं.

"येत नीही."

"का?"

"ती पोरां माला खोटारडी म्हणतात."

मी तिच्या आईकडे वळले. आम्हा शिक्षकांचं एक ठेवणीतलं वाक्य असतं, ते सांगितलं. "दोन फटके द्या आणि पाठवा हिला."

बाईचा घड धरलेला हात थांबला. मी काहीतरी चारचौघांत न बोलण्यासारखं बोलले असावे, तशी ती माझ्याकडे बघत राहिली. मग लाजून हसली. "बाई, पोरीला कसां मारायचां?"

तिने खरंच विचारलं होतं. कसं मारतात ते तिला माहीत नव्हतं. मी तिथे वेलीखाली उभी राहिले आणि माझ्या लक्षात आलं की दीड पानाच्या त्या धड्यातलं सगळ्यात लांबचं मूल माझ्यासमोर मग धरून उभं आहे.

मी वर्गात येऊन सांगितलं, की बुधीचं खरं आहे, त्यांच्यात मुलांना मारत नाहीत. सागर उभा राहिला. "बाई, तुम्ही पाह्यलं का?" विज्ञानाच्या तासाला मीच शिकवलं होतं, पाहिल्याशिवाय मानू नका. कार्ट्याने नेमकं तेच लक्षात ठेवलं.

मी पुन्हा बागेत गेले. बुधीने ऐकून घेतलं आणि अट घातली. "वाघबारशीला सगळी आमचे गावला या. वाघ दाखवते. मं मी शाळेत येते."

वाघबारस म्हणजे आपल्याकडे वसुबारस असते तो दिवस. एवढं तिने सांगितलं आणि होळीला ती डोंगरात परत गेली. इकडे मी चिंतेत. मार न खाण्याचं मला पटलं होतं, पण वाघ? वाघ ही शुद्ध थाप आहे, याबद्दल मला शंका नव्हती. पोरं तिथे गेली आणि काही दिसलं नाही, तर बुधी पुन्हा शाळेचं नाव काढणार नाही. नाही नेली, तरी काढणार नाही. इकडे आड, तिकडे विहीर. शेवटी म्हटलं, आडात निदान सहल तरी होईल.

आप्पांना राजी करायला मला फार कष्ट पडले नाहीत. ते दिवाळीच्या तोंडावर टोळी ठरवायला जीप घेऊन जात. मी म्हटलं, "आप्पा, जाताना जीप रिकामीच जाते. पोरं घेऊन गेलात, तर तालुक्यात नाव होईल. समितीच्या अध्यक्षांनी मुलांना जग दाखवलं."

"जग?" आप्पा म्हणाले. "बाई, सुरगाणा हे ते."

"तेच तर," मी म्हटलं.

त्या वर्षी पोरं चौथीत गेली होती. वसुबारशीला सकाळी मावतील तेवढी पोरं आणि मी जीपमध्ये. सागरच्या कपाळाला हळदकुंकू होतं, त्याच्या आईने पहाटे गाय-वासराची पूजा केली होती. वणी मागे पडली, घाट लागला, दोन पोरं ओकली. आप्पा गाडी चालवताना सारखे आरशातून माझ्याकडे बघून म्हणत होते, "कुठाय वाघ, बाई?" मी खिडकीबाहेर भात बघत होते.

पाडा टेकडीच्या उतारावर होता. आम्ही उतरलो तर तिथे कोंबड्या होत्या, कुडाची घरं होती, दोन म्हाताऱ्या होत्या. वाघ नव्हता. सागरने विजयी चेहऱ्याने सगळ्यांकडे पाहिलं. 

तेवढ्यात मागच्या रानातून एक डरकाळी आली. मग दुसरी. आणि झाडीतून गुराख्यांची पोरं धावत सुटली आणि त्यांच्यामागे अंगभर राख फासलेली, काळे पट्टे ओढलेली, कमरेला गवताचं लांब शेपूट बांधलेली तीन-चार पोरं चार पायांवर उड्या मारत आली. त्यातला सगळ्यात बारका वाघ माझ्या पायाशी येऊन थांबला आणि दात काढून हसला. ती बुधी होती.

आमची दोन पोरं परत जीपमध्ये चढून बसली. सागर मात्र हलला नाही. "हे सोंग हे!" तो ओरडला. "बाई, हा खरा वाघ नाय! खोटारडी!"

बुधीचं हसू गेलं. बाकीची पोरं माझ्याकडे बघायला लागली. सागरचं म्हणणं खरं होतं. आणि बुधीचंही खरं होतं. असा पेपर मला कधी तपासावा लागला नव्हता.

तेव्हा बुधीचा आजा मधे पडला. तो पाड्याचा भगत होता, त्या दिवशीची पूजा तोच करायचा. शेंदूर लावलेल्या एका लाकडी फळीपुढे तो बसला होता. फळीवर वाघ कोरलेला, वर चंद्र आणि सूर्य. त्याला नातीने सगळं सांगितलं असावं. त्याने सागरला खूण करून जवळ बोलावलं आणि विचारलं, "आज तुमचे घरी काय केला?"

"गाईची पूजा केली," सागर म्हणाला.

"तुमची गाय बांधलेली. दावणीला," आजा म्हणाला. "आमची गुरां रानात जातात. मं गाईला विचारून काय उपेग? वाघालाच विचारावां लागतां, यंदा खाशील का म्हणून. आता वाघ काय येऊन सांगल? म्हणून पोरांना वाघ करायचां. खीर खायपर्यंत ती वाघच."

"पण खरी नाय ना?"

आजाने त्याच्या कपाळावरच्या हळदकुंकवाकडे बघितलं, मग मुठीत राख घेतली आणि म्हणाला, "तू हो. मं सांग."

एवढा मान पाहुण्यालाच मिळतो, असं मला नंतर कळलं. पोरांनी सागरला धरलं, राख फासली, पट्टे ओढले, शेपूट बांधलं. घरी शर्टाला डाग पडला तरी ज्याच्या पाठीत धपाटा बसायचा, त्याचा शर्ट कुठे गेला ते कुणी बघितलंसुद्धा नाही. आजाने त्याला फळीपुढे उभं केलं आणि मोठ्याने विचारलं, "वाघ्या, यंदा आमची गुरां खाशील का?"

सागरने वर्गात उभं राहतो तसं ताठ उभं राहून सांगितलं, "नाही सर."

पाडा हसून हसून लोळला. मग पोरांनी आरोळ्या ठोकून सगळ्या वाघांना शिवेकडे पिटाळलं, आणि सागरच्या अंगात काय आलं कोण जाणे. तो डरकाळ्या फोडत वळला, पोरांच्या मागे लागला, एका उडीत बांध ओलांडला, दुसऱ्या उडीत चुलीवर गेला. फळीच्या बाजूला तीन दगडांवर खिरीचं मोठं पातेलं होतं. सकाळपासून पोरांनी घरोघर फिरून मागून आणलेल्या तांदळाची खीर, सगळ्या पाड्याची. पातेलं उलटलं. सगळी खीर मातीत.

आरडाओरडा थांबला. सागर जागच्या जागी उभा राहिला आणि त्याने दोन्ही हातांनी दोन्ही गाल झाकले.

ती उभं राहण्याची पद्धत मी ओळखते. माझ्या वर्गात ती पुष्कळांना येत होती. आप्पा जीपकडून तीन ढांगांत आले आणि त्यांचा हात वर गेला. "गाढवा, लोकांच्या देवाची..."

"आप्पा!" बुधी मध्ये आली. राखेने माखलेली, शेपटासकट. ज्यांच्या बागेत तिचा बाप काम करतो, त्या माणसासमोर ती मान वर करून उभी राहिली. "हितं मारत नीही."

आप्पांचा हात वरच राहिला. सगळा पाडा त्या हाताकडे बघत होता. रागाने नव्हे हो, कुतूहलाने. हा माणूस हात वर करून काय करतोय, अशा नजरेने. आप्पांनी तो हात हळूच आपल्या टोपीकडे नेला आणि टोपी नीट केली.

आजाने पातेल्यात डोकावून पाहिलं. तळाला दोन पळ्या खीर राहिली होती. तो म्हणाला, "वाघानं सांडली, वाघाला पोचली. आता पोरांची करू." आणि हसला. त्याच्यामागून म्हाताऱ्या हसल्या, पोरं हसली. मग सगळी पुन्हा घरोघर तांदूळ मागायला निघाली. सागरलाही जावं लागलं. खीर खाल्ली नव्हती, म्हणजे तो अजून वाघच होता. दर दारात म्हातारी त्याला दटावायची, "आमचे शेळीला खाशील का रं?" आणि तो मान हलवून नाही म्हणायचा. त्याची मान हलवण्याची ऐट वाढतच गेली. दुसरी खीर व्हायला दुपार टळली. ती खाताना त्याने माझ्याकडे बघून आधी एक शेवटची डरकाळी फोडली, मग घास घेतला.

परतताना पोरं एकमेकांवर झोपली होती. घाट उतरल्यावर सागर म्हणाला, "आप्पा, त्यांनी मला मारलं का नाय?"

आप्पांनी आरशातून माझ्याकडे पाहिलं. मग मला उद्देशून म्हणाले, "मागासलेले लोक, बाई. पोरांना वळण कसं लावायचं, कळत नाय त्यांना." आणि उगाचच गिअर बदलला.

दिवाळीनंतर शाळा उघडली आणि बुधी आली. दाराशी नाही, तिसऱ्या रांगेतही नाही, सरळ पहिल्या रांगेत सागरशेजारी बसली. नीही म्हणून कुणी चिडवलं नाही. त्या वर्षी होळीला तिचा बाप आणि आई गावाला गेले, पण ती परीक्षा होईपर्यंत किराणावाल्याकडे राहिली आणि चौथी पास झाली. मी तिचं नाव हजेरीत पेनाने लिहिलं. पुढे ती आश्रमशाळेत गेल्याचं कळलं, मग माग राहिला नाही. मी काढायला हवा होता. एसटीने दोन तासांवर होती ती. त्याची चुटपुट मला आहे.

पण तिच्या येण्यानंतरचा पहिला परदेशी शनिवार सांगायचा राहिला. पाळी सागरची होती. कुठला देश होणार, विचारल्यावर म्हणाला, "बुधीचा." मग प्रश्न झाले. काय खातोस, नागली. दिवाळीला काय करता, वाघ होतो. हे तो सहज सांगत होता, जन्मभर तिथेच राहिल्यासारखा. शेवटी बुधीनेच तो ठरलेला प्रश्न विचारला.

"तुझी आई तुला कशावरून मारते?"

"नीही," सागर म्हणाला.

कुणी खोटारडा म्हटलं नाही.  आणि मग, कुणी सुरुवात केली ते मला कळलं नाही, एकेक मान वळली आणि सगळा वर्ग माझ्या टेबलावरच्या छडीकडे बघायला लागला. त्यानंतर माझ्याकडे. पाड्यावर आप्पांच्या वर गेलेल्या हाताकडे बघत होते ना, तसंच.

साहेबांसमोर थाप मारायची सवय होती, तीच तोंडातून निघून गेली. "काय बघताय? नकाशाची खालची दांडी आहे ती!"

बुधी म्हणाली, "बाई, दाखवा."

पाहिल्याशिवाय मानू नका. आता काय करता? मी छडी उचलली, नकाशा टांगला आणि त्याच्या खालच्या शिवणीत ती सारली. आधी अडकली. सागरने एक टोक धरलं, बुधीने दुसरं, आणि थोडी ओढाताण झाल्यावर ती या टोकापासून त्या टोकापर्यंत बरोबर बसली. पोरांनी हात सोडले. नकाशा सरळ खाली लोंबला आणि तसाच राहिला.

"बाई," सागर म्हणाला, "खाली अजून लय देश हायेत!"

छडीची गरज मला पुढे दोन-तीनदा पडली, नाही असं नाही. पण ती काढली, की अर्धं जग गुंडाळून वर जायचं आणि सगळी पोरं ओरडायची. म्हणून ती तिथेच राहिली.